गारूचा अर्धा खडा

"आधी दार लाव, मग बघ," आई म्हणाली. "उन्हात काय कळणार आहे तुला?"

मी दार लावलं, खिडकीला घोंगडी टांगली आणि कोनाड्यातल्या डबीतून खडा काढून तळहातावर घेतला. अकरा वर्षं मी रोज सकाळी हेच करत आले होते. अकरा वर्षं तो खडा होता तस्साच होता. मूठ वळून बोटांच्या फटीतून डोकावलं तरच दिसेल, इतका फिका. त्या दिवशी मूठ वळावी लागली नाही. मला माझ्या हातावरच्या रेषा दिसत होत्या.

"काय गं? बोलत का नाहीस?"

"आई, वाढलाय."

आई अंथरुणावर उठून बसली. चार महिन्यांत ती आधाराशिवाय उठली नव्हती.

आमचं गाव कोरवंडी. काळ्या डोंगराच्या अगदी कुशीत, खाणीच्या तोंडाशी चाळीस घरं. त्या खाणीत सयखडा सापडतो. खालच्या मुलखात त्याच्याबद्दल काय काय सांगतात. तो वाट दाखवतो, रोग बरा करतो, खोटं बोलणाऱ्याच्या हातात तापतो. त्यातलं काही खरं नाही. सयखड्याची करामत एकच. एक खडा फोडून दोन केले की दोन्ही अर्ध्यांना एकमेकांची ओढ राहते. लांब गेले की मंदावतात, जवळ आले की उजळतात. दूर जाणाऱ्या माणसानं अर्धा न्यायचा आणि घरच्यांनी अर्धा ठेवायचा, ही आमच्याकडची रीत.

खडे फोडायचं काम माझं. ते एका घावात व्हावं लागतं. दोन घाव पडले की खडा विझतो, मग तो रस्त्यावरच्या दगडासारखा दगड. मी फोडलेला पहिला खडा माझ्या भावाचा, गारूचा. तेव्हा मी सतरा वर्षांची होते आणि तो एकोणीस. गारूचं खाणीत कधी जमलंच नाही. आत उतरला की त्याचा श्वास कोंडायचा, ओठ निळे पडायचे. बाप खाणीतच वारलेला, घरात कमावतं दुसरं कुणी नाही, म्हणून चार वर्षं तो दात आवळून उतरत राहिला. एक दिवस आईशी कडाक्याचं भांडण झालं आणि दुसऱ्या दिवशी सकाळी तो निघाला. समुद्र बघायचा म्हणाला. आई घरातून बाहेर आली नाही. गावाबाहेरच्या वळणावर त्यानं खड्याचं एक टोक धरलं, मी दुसरं धरलं आणि हातोडी मारली. एका घावात तो फुटला आणि विझला नाही, याचंच मला नवल वाटलं.

"लवकर परत ये," मी म्हटलं.

"बघून झालं की येतो," तो म्हणाला.

आणि आता खडा वाढत होता.

दुसऱ्या दिवशी अजून वाढला. तिसऱ्या दिवशी मी घोंगडी न लावताच तो दिसला. आईनं कुळथाचं कढण मागून घेतलं, पोटभर प्यायली. धुळीचा खोकला होता तिला. खाणीच्या गावात तो सगळ्यांना कधी ना कधी होतो आणि एकदा झाला की पुढचं सगळ्यांना ठाऊक असतं. पण त्या आठवड्यात ती खोकायची विसरली होती म्हटलं तरी चालेल. गारूची जुनी गोधडी उन्हात टाकायला लावली. नाचणी दळून ठेवायला लावली. शेजारच्या अभ्रीकाकू आल्या की त्यांना सांगायची, "केस पिकले असतील का हो त्याचे? आमच्यात लवकर पिकतात."

आठव्या दिवशी खडा इतका उजळला की कोनाड्याच्या भिंतीवर आमच्या सावल्या पडल्या. एवढा उजेड म्हणजे एका दिवसाची वाट. म्हणजे गारू खाली नदीवर, नावेच्या धक्क्याशी पोचला होता. उद्या तो दारात उभा राहणार.

नवव्या दिवशी कुणी आलं नाही. खडा तेवढाच. दहाव्या दिवशीही तेवढाच. अकराव्या, बाराव्या दिवशीही. ना कमी, ना जास्त.

"तो तिथं बसून राहिलाय," आई म्हणाली. तिचा खोकला परत आला होता. "त्याला वाटतंय मी अजून रागात आहे. तू जा चुने. त्याला म्हणावं, आई वाट बघतेय. एवढंच म्हण, बाकी काही बोलू नकोस."

अभ्रीकाकू आईजवळ थांबायला तयार झाल्या. मी निघताना त्या दारापर्यंत आल्या आणि हळू आवाजात म्हणाल्या, "पोरी, खडा खड्याला ओळखतो. माणसाला ओळखत नाही. एवढं ध्यानात ठेवून जा."

मला त्यांचा इतका राग आला की मी निरोपही घेतला नाही.

उतरताना मी सारखी पदराआड खडा धरून बघत होते. प्रत्येक वळणाला तो थोडा थोडा उजळायचा. मी मनात गारूशी बोलत होते. त्याला काय काय ऐकवायचं ते ठरवत होते. अकरा वर्षांत एक निरोप धाडता आला नाही का तुला? लग्न केलंस का? दाढी ठेवलीस का? मला ओळखशील का? दुपारी नदी दिसली तेव्हा खडा उघड्या उन्हात दिसत होता आणि मी पळत सुटले होते.

धक्क्याला नाव नुकतीच लागली होती. माणसं, शेळ्या, मिठाच्या गोण्या उतरत होत्या. मी प्रत्येक पुरुषाचं तोंड बघत फिरले. नावाड्यानं हटकलं, "कुणाला शोधतेस, बाई?" मी उत्तर दिलं नाही, कारण तेवढ्यात मला उजेड दिसला. धक्क्याच्या खालच्या पायरीवर एक बाई पाण्यात पाय सोडून बसली होती. तिच्या मांडीवर एक गाठोडं होतं आणि त्या गाठोड्याचं कापड आतून पेटल्यासारखं दिसत होतं. माझ्या पदरातला खडाही तसाच झाला होता.

तिनं मान वळवून माझ्याकडे पाहिलं. माझ्याच वयाची असेल. उन्हानं रापलेली, पायाला फोड आलेले.

"तू चुनी," ती म्हणाली.

"गारू कुठाय?"

ती उठली नाही. तिनं शेजारची पायरी हातानं पुसली. मी बसावं म्हणून.

"गारू कुठाय?" मी पुन्हा विचारलं. पण विचारताना मला कळलं होतं.

"ताप आला," ती म्हणाली. "तीन दिवस होता फक्त. दोन महिने झाले त्याला." मग थोडं थांबून म्हणाली, "मी भरती. त्याची बायको."

मी बसले. नदीवर मिठाच्या गोण्या मोजणाऱ्यांचा आरडाओरडा चालू होता. आमच्या दोघींच्या मांडीवर ते दोन अर्धे नुसते लखलखत होते, जसं काही सणच आहे. मला ते फेकून द्यावेसे वाटले.

"पाच दिवस इथं बसून राहिलीस," मी म्हटलं. "आम्ही वर डोळ्यांत प्राण आणून बसलोय."

"सतरा दिवस चालत आले. एकदाही थांबले नाही. इथं आल्यावर नावाड्यानं बोट दाखवलं, तो डोंगर चढलीस की कोरवंडी. तेव्हा पाय उचलेना. रोज सकाळी गाठोडं बांधते आणि सोडते." तिनं खड्यावर हात ठेवला. उजेड तिच्या बोटांतून लाल दिसत होता. "वर तुम्हाला हा उजेड दिसत असणार. मी आले की तो संपणार. माझ्यानं धीर होईना."

मग माझ्या डोक्यात आलं ते मी बोलून टाकलं.

"आईला काही सांगायचं नाही. तो खाली आजारी आहे म्हणू. तुला खडा देऊन पुढं पाठवलंय, चार दिवसांत येतोय. तेवढे दिवस तरी ती काढेल की नाही कुणास ठाऊक. तिला सुखानं जाऊ दे."

"नाही."

"तुझं काय जातंय? तुझी आई आहे का ती?"

"माझी चार वर्षांची पोर माझ्या आईपाशी ठेवून आलेय मी," भरती म्हणाली. तिचा आवाज चढला नव्हता. "ती रोज विचारत असेल. एवढं चालून मी खोटं सांगायला आले नाही. त्याचं एक काम राहिलंय ते करायला आलेय. ते खोटं सांगून होणार नाही."

कसलं काम, ते मी विचारलं नाही. इतकी चिडले होते मी तिच्यावर.

रात्र नावाड्याच्या खोपटात काढून आम्ही पहाटे चढायला लागलो. मी पुढं, ती मागं. मी मुद्दाम भरभर चालत होते. अर्ध्या वाटेवर मागून तिच्या पायांचा आवाज येईना म्हणून वळून पाहिलं, तर ती एका दगडाला धरून उभी होती. डोंगर चढायची तिला सवय नव्हती. मी खाली उतरले आणि तिचं गाठोडं घेतलं. नंतर विचारलं, "तिथं काय करायचा तो?"

"होड्यांच्या फटी बुजवायचा. कापूस आणि राळ भरून. सगळं काम उघड्यावर. पाऊस पडला तरी आत येऊन बसायचा नाही."

पुढं आम्ही दोघी बरोबरीनं चाललो.

गावात शिरलो तेव्हा दुपार कलली होती. उजेड आमच्या आधी पोचला. पोरं ओरडत धावली, "गारूदादा आला! गारूदादा आला!" आणि जवळ येऊन थबकली. बायका दारात आल्या. माझ्याकडे पाहिलं, भरतीकडे पाहिलं, आणि एकेक करून डोक्यावर पदर घेतला.

अभ्रीकाकूंनी आईला उशांना टेकवून बसवलं होतं. दारातून उजेड आत गेला तशी ती म्हणाली, "गारू?"

भरती आत गेली. आईच्या पायांशी बसली. तिनं जे सांगायचं ते दोन वाक्यांत सांगितलं. माझ्याशी बोलली होती तसंच. ताप आला. तीन दिवस होता.

आई रडली नाही. तिनं भिंतीकडे तोंड केलं. मग माझ्याकडे न बघता म्हणाली, "चुने, तुला आठवतं ना मी त्याला काय म्हटलं होतं?"

"आई, नको."

"उंबरा ओलांडलास तर मेलास मला, असं म्हटलं होतं." ती भरतीकडे वळली. "त्यानं सांगितलं असेल तुला. ते मागं घ्यायचं होतं मला. त्यासाठी तग धरून होते."

भरती तिच्याकडे बघतच राहिली. "तो असं काही सांगायचा नाही," ती म्हणाली.

"मग काय सांगायचा?"

"सांगायचा, मी निघालो तेव्हा आई म्हणाली, जा, समुद्र बघ आणि तो कसा असतो ते मला येऊन सांग."

अभ्रीकाकू अंथरुणाजवळ सरकल्या.

"मला सांगितलं, माझ्या बापाला सांगितलं, होडीवरच्या माणसांना सांगितलं," भरती म्हणाली. "पोरीला झोपवताना सांगायचा. तुझ्या आजीनं मला समुद्र बघायला धाडलंय. आमच्याकडे सगळ्यांना ठाऊक आहे हे."

"मग आला का नाही सांगायला?"

"दरवर्षी निघायची तयारी करायचा. आणि म्हणायचा, अजून नीट बघून झाला नाही. अर्धवट सांगितलं तर आई खोदून खोदून विचारेल." तिनं गाठोडं जवळ ओढलं. "यंदा नक्की येणार होता. पोरीला घेऊन. ते राहिलं. म्हणून मी आले. समुद्र कसा असतो ते तुम्हाला सांगायला."

आईनं डोळे मिटले. मला वाटलं आता ती कोसळणार. पण ती म्हणाली, "मग सांग. कसा असतो?"

भरती गोंधळली. जन्मभर समुद्राकाठी राहिलेली बाई, तिला सुरुवात कुठून करावी कळेना. "पाणी असतं," ती म्हणाली.

"ते मलाही ठाऊक आहे," आई म्हणाली. अभ्रीकाकू तोंडाला पदर लावून हसल्या आणि हसता हसता रडायला लागल्या.

त्यानंतर सहा दिवस आमच्या घरात समुद्राशिवाय दुसरं काही नव्हतं. भरती सांगायची आणि आई विचारायची. त्याला वास असतो का? कसला? ओल्या दोराचा? पाणी हिरवं की निळं? सकाळी वेगळं, दुपारी वेगळं, असं कसं? आवाज येतो म्हणतेस तर झोप कशी लागते तुम्हाला? भरती सांगायची, आवाज थांबला तर जाग येईल. एकदा ती म्हणाली की पाणी दिवसातून दोनदा इतकं आत जातं की जिथं होड्या चालतात तिथं पोरं खेळतात, आणि मग आपणहून परत येतं. तिच्याकडे पाणी चढताना जन्मलेल्या मुलीचं नाव भरती ठेवतात, गावात सात भरत्या आहेत.

"परत बोलवावं लागत नाही त्याला?" आईनं विचारलं.

"नाही."

"कुणी रागावलं तरी?"

भरतीनं आईचा हात हातात घेतला. "तरी," ती म्हणाली.

मी चुलीपाशी बसून ऐकायचे. सहाव्या दिवशी दुपारी भरती मिठागरांचं सांगत होती. पाणी अडवून ठेवतात, ऊन ते पिऊन टाकतं, आणि खाली पांढरं रान उरतं, अनवाणी गेलं तर पायाला टोचतं. आईचा श्वास थांबलेला मी पाहिला. भरतीला दिसला नव्हता, ती मिठाकडेच बघत होती जणू. मी तिला थांबवलं नाही. आईसाठी नव्हे. मला पुढचं ऐकायचं होतं.

आईचं सगळं झाल्यावर भरती निघाली. पोरीला सोडून तिला महिना उलटून गेला होता. आमच्याकडची रीत अशी की गेलेल्या माणसाचा अर्धा खाणीतल्या पाण्यात सोडायचा, म्हणजे घरचा अर्धाही विझतो आणि मागे राहिलेल्यांची ओढ सुटते. मी तिला ते सांगितलं. तिनं गाठोडं छातीशी धरलं.

"पोरीचा आहे तो," ती म्हणाली. "बाप म्हणून तिच्याकडे एवढंच उरलंय."

"मग ने, वहिनी," मी म्हटलं.

तिला मी पहिल्यांदाच वहिनी म्हटलं होतं. ती थांबली. "तू पण चल ना. पोरीला ठाऊक आहे आत्या आहे ते."

"खडे कोण फोडेल इथले?" मी म्हटलं. तेव्हा ते उत्तर मला अगदी बरोबर वाटलं होतं.

ती गेली. दुसऱ्या दिवशी सकाळी उठले, सवयीनं दार लावलं, खिडकीला घोंगडी टांगली आणि खडा हातात घेतला. कालच्यापेक्षा कमी होता. परवा उघड्या उन्हात लखलखत होता, आता नुसत्या भिंतीवर सावल्या पाडत होता. घरात "आज किती?" विचारणारं कुणी नव्हतं. तरी मी मोठ्यानं म्हटलं, "कमी झालाय." आणि माझाच आवाज ऐकून मी दचकले.

तिसऱ्या दिवशी अजून कमी झाला. मी दार उघडलंच नाही. खडा मुठीत धरून भिंतीला टेकून बसून राहिले. अकरा वर्षं मला वाटत होतं की वाट आई बघते आणि मी नुसता खडा बघते. आईला बरं वाटावं म्हणून दार लावते, आईसाठी डबी उघडते. आता आई नव्हती, गारू नव्हता, कुणी येणार नव्हतं, आणि तरी तो मंदावलेला खडा माझ्यानं खाली ठेववत नव्हता. आता माझे केस पिकलेत, पण तेव्हा बसले होते ती जागा मला अजून दाखवता येईल.

दुपारी मी अभ्रीकाकूंकडे गेले आणि हातोडी त्यांच्या हातात दिली. त्यांच्या सुनेचा हात चांगला होता, मी तिला शिकवलंही होतं थोडंफार.

"कधी येशील?" काकूंनी विचारलं.

"ठाऊक नाही."

"बरं," त्या म्हणाल्या, आणि दोन भाकऱ्या फडक्यात बांधून दिल्या.

दोन दिवस चालले. खडा वाढला नाही, पण कमीही झाला नाही. भरती चालत होती, मी चालत होते, मधलं अंतर होतं तेवढंच. आमच्या डोंगरापलीकडे मी तोवर कधी गेले नव्हते. नावेत बसून नदी ओलांडताना डोळे मिटून घेतले. वाटेत लोक विचारायचे, कुठं चाललीस, बाई? मी म्हणायचे, समुद्र बघायला. गारूनंही याच वाटेवर याच लोकांना हेच सांगितलं असेल, असं वाटायचं आणि मग चालवेना, थोडा वेळ बसावं लागायचं.

तिसऱ्या दिवशी खडा एकदम वाढला. चौथ्या दिवशी अजून. मी घाबरले. ती थांबलीय, म्हणजे पडली का? पाय मुरगळला का? मी जवळजवळ धावायला लागले. पाचव्या दिवशी टळटळीत उन्हात, चिंचेच्या झाडाखाली, ती गाठोड्याला टेकून बसलेली दिसली. हातपाय धड होते. पाण्याचा तांब्या भरून शेजारी ठेवला होता.

"काय झालं?" मी लांबूनच ओरडले. "बरं नाही का तुला?"

"मला काय झालंय?" ती म्हणाली. "आधी रोज मंदावत होता. मग दोन दिवस मंदावायचा थांबला. तेव्हा कळलं कुणीतरी मागून चालतंय. म्हणून बसले."

"तीन दिवस बसून राहिलीस? पोर वाट बघत असेल तिकडे."

"पुढं गेले असते तर तुला तेवढंच जास्त चालावं लागलं असतं," ती म्हणाली, आणि तांब्या माझ्या हातात देऊन सरकून बसली.

मी तिच्याजवळ सावलीत बसले, पाणी प्यायले, आणि मग आई गेली तेव्हा आलं नव्हतं ते रडू आलं. ऊन उतरेपर्यंत आम्ही तिथंच बसलो, मग तिनं तिचं गाठोडं उचललं, मी माझं उचललं, आणि आम्ही चालायला लागलो.